फुलांचा वॉल्ट्झ

गोल फिरणे एवढाच ज्याच्या जर्मन नावाचा मूळ अर्थ, त्या वॉल्ट्झचे कूळ ऑस्ट्रिया आणि बव्हेरियाकडील ग्रामीण जनांच्या तीन मात्रांच्या नृत्यात सापडते; तेथून तो व्हिएन्नाच्या दिवाणखान्यांत आणि पुढे रशियाच्या राजनाट्यगृहात पोहोचला, तरी त्याची गिरकी सुटली नाही. या घराण्यातील ज्या वंशजाविषयी मला विशेष ममत्व वाटते, तो चायकोव्हस्कीच्या ‘नटक्रॅकर’ बॅलेमधील फुलांचा वॉल्ट्झ होय.

त्याचा जन्म पराधीनतेत झाला. कोणत्या प्रसंगी कोणती लय हवी आणि ती किती वेळ चालावी, याची तपशीलवार याद नृत्याचार्य पेतिपाने संगीतकाराच्या हाती दिली आणि त्याबरहुकूम चायकोव्हस्कीने संगीत सिद्ध केले; पुढे पेतिपा आजारी पडल्यामुळे नृत्ये बसविण्याचा भार लेव्ह इव्हानोव्हवर आला, आणि १८ डिसेंबर १८९२ रोजी सेंट पीटर्सबर्ग येथे तो बॅले रंगभूमीवर आला. तथापि त्यातील निवडक रचनांची माला त्याच वर्षीच्या मार्चमध्ये नृत्यावाचून वाजविली गेली होती व श्रोत्यांनी ती डोक्यावर घेतली होती. खुद्द बॅलेच्या वाट्याला मात्र तेवढे कौतुक आले नाही.

वॉल्ट डिस्नेच्या ‘फँटेशिया’ या चित्रपटाने १९४० साली नृत्य आणि संगीत यांचे हे नातेच पालटले. आता स्टोकोव्हस्कीच्या वाद्यवृंदाने मुद्रित केलेले संगीत हेच फर्मान ठरले आणि त्याचा अंमल चित्रकारांनी करावयाचा होता. त्यांनी बॅलेतील राजवाडा वगळला आणि ज्याच्यावरून बॅलेला नाव मिळाले ते अक्रोड फोडणारे बाहुलेही वगळले. वॉल्ट्झच्या वाट्याला त्यांनी ऋतुपालट दिला. पऱ्यांच्या स्पर्शाने पाने पिवळी होऊन गिरक्या घेत गळतात, रुईच्याच कुळातील एका अमेरिकी वनस्पतीची बोंडे उकलतात, आणि आपली मुले जिच्यामागे धावतात त्या ‘म्हातारी’सारखी तिची बीजे शुभ्र झगे ल्यालेल्या नर्तिकांप्रमाणे वाऱ्यावर तरंगू लागतात; अखेरीस हिमाच्या पऱ्या गोठलेल्या पाण्यावरून घसरत जातात आणि हिमकण भिरभिरत उतरतात. वॉल्ट्झची गिरकी मूळचीच निसर्गात होती, असे ते बीज पाहताना मला निश्चितपणे वाटते, आणि त्या पटातील अन्य कोणत्याही भागापेक्षा हा भाग मला श्रेष्ठ वाटतो तो याचमुळे.

अमेरिकेत संपूर्ण ‘नटक्रॅकर’ बॅले मात्र सर्वप्रथम सॅन फ्रान्सिस्को येथे सादर झाला, तो या चित्रपटानंतर चार वर्षांनी, १९४४ च्या डिसेंबरात.