संकलन ही बेरीज आहे

संकलक म्हणजे कात्री चालवणारा कारागीर, हे मत आपल्याकडे पक्कं रुजलं आहे. माहितीपटाच्या बाबतीत तर ते अधिकच ठामपणे मांडलं जातं: सत्य कॅमेऱ्याने टिपलेलंच असतं, संकलकाने फापटपसारा तेवढा काढावा, त्यापलीकडे गेला की ती ढवळाढवळ. या मताला आधार आहे. तासन्‌तास केलेल्या चित्रणातला फार थोडा भाग पडद्यावर येतो. पण टाकलेल्या भागावरून या कामाचं स्वरूप ठरवणं म्हणजे कोंड्यावरून भाकरीची चव ठरवणं होय.

मराठीने या कलेला ‘संकलन’ म्हटलं. भास्कराचार्यांच्या ‘लीलावती’त संकलित म्हणजे बेरीज आणि व्यवकलित म्हणजे वजाबाकी. अर्थात, शब्द हा पुरावा होत नाही, म्हणून उदाहरणासाठी पन्हाळगडावर जाऊ. तिथल्या अंबरखान्याच्या, म्हणजे धान्यकोठाराच्या, जाड भिंतींचं एक दृश्य घ्या. तीन दरवाजाच्या कोरीवकामाला जोडून ठेवलं, तर ते स्थापत्य सांगतं. तेच सिद्दी जौहरने गडाला घातलेल्या वेढ्याच्या निवेदनानंतर आलं, तर प्रेक्षक मनात हिशेब मांडतो: १६६० च्या मार्चपासून जुलैपर्यंत गडावरच्या धान्यावर किती ताण आला असेल? दृश्य तेच, त्यातलं काहीही कापलेलं नाही. नवा अर्थ शेजारातून आला.

आनंद पटवर्धन यांनी स्वतः संकलित केलेला ‘जय भीम कॉम्रेड’ (२०११) हा माहितीपट पाहा. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात पोलिसांच्या गोळीबारात १० जणांचे प्राण गेले. त्यानंतर काही दिवसांतच शाहीर विलास घोगरे यांनी आत्महत्या केली. पटवर्धनांच्या १९८५ च्या ‘हमारा शहर’मध्ये घोगरे गायले होते. तेव्हा झोपडपट्टीवासीयांचं दुःख सांगणारा तो आवाज, इथे गायकाच्या मृत्यूशेजारी येताच त्याचाच शोक होतो. १४ वर्षांच्या चित्रणातून उभी राहिलेली ही कलाकृती कात्रीच्या हिशेबात कशी बसवणार?

मग सत्याचं काय, हा आक्षेप गंभीर आहे. पण क्रम लावल्याशिवाय चित्रपट होत नाही आणि क्रम लावला की अर्थ घडतोच. म्हणून हस्तक्षेप टाळणं संकलकाच्या हाती नाही, प्रामाणिकपणा आहे. पन्हाळ्याजवळच्या मसाई पठारावरचा आजचा पाऊस १६६० चा म्हणून खपवणं ही फसवणूक. तो आजचाच आहे हे दिसू देऊन वेढ्यातून निसटून विशाळगडाकडे निघालेल्या शिवाजी महाराजांच्या त्या रात्रीच्या चिखलवाटेची जाणीव करून देणं, ही खरी बेरीज.

जुलै २०२५ मध्ये पन्हाळा जागतिक वारसा यादीत गेला. आता गडावर कॅमेरे वाढतील, ड्रोन फिरतील, चित्रणाचे ढीग साचतील. या व्यवसायात येऊ पाहणाऱ्या मुलामुलींना माझं कळकळीचं सांगणं आहे: सॉफ्टवेअर शिकाच, पण त्याआधी आपलं चित्रण पुन्हा पुन्हा पाहा, ऐका, लक्षात ठेवा. घोगऱ्यांचा आवाज बारा वर्षांनंतरही संकलकाला आठवत होता, म्हणूनच त्याला योग्य शेजार मिळाला.