जेमी, दगडू आणि पडद्यावरचा 'मी'

दलित आत्मकथनांतील 'मी' हा एकट्याचा नसून समूहाचा असतो, हा सिद्धान्त आता बी.ए.च्या विद्यार्थ्यांनाही पाठ आहे. पण त्या 'मी'च्या मनाचे काय झाले? भुकेने आणि अपमानाने आत काय मोडतोड केली? याकडे आपल्या समीक्षेने त्या मानाने कमी पाहिले, असे मला वाटते. भुकेचा हिशेब मांडता येतो, मन खचल्याचा मांडायला शब्द सापडत नाहीत. आमच्या वस्तीत एखादी बाई दिवसेंदिवस भिंतीकडे तोंड करून निजून राहिली, की तिला 'लागीर झाले' म्हणत. भगत येई, लिंबू उतरवून टाकी. तिची लेकरे पाठोपाठ गेली, नवऱ्याने टाकले, हे साऱ्यांना ठाऊक असे. पण तो तिच्या आजाराचा इतिहास आहे, असे कोणाच्या मनात येत नसे.

हा इतिहास जवळजवळ शब्दांवाचून मांडणाऱ्या एका माणसाची ओळख येथे करून द्यायची आहे. बिल डग्लस. जन्म १९३४, स्कॉटलंडमध्ये एडिंबरोजवळच्या न्यूक्रेगहॉल या कोळसा-खाणीच्या गावी. लग्नाबाहेर जन्मलेले पोर, आई वेड्यांच्या इस्पितळात, सांभाळणारी आजी. या बालपणावर त्याने तीन चित्रपट केले : 'माय चाइल्डहुड' (१९७२), 'माय एन फोक' (१९७३) आणि 'माय वे होम' (१९७८). तिन्ही कृष्णधवल. संवाद अगदी थोडे. कॅमेरा बहुतेक वेळ एका जागी खिळलेला, दारात उभ्या राहिलेल्या मुलासारखा.

पहिल्या चित्रपटात एक प्रसंग आहे. घरात थंडी, आजी खुर्चीत गारठलेली. पोरगा कपात उकळते पाणी ओततो, आणि कप तापला की ते पाणी फेकून देतो. मग रिकामा गरम कप आजीच्या हातांत देऊन तिची बोटे त्याभोवती मिटवतो. पाणी पिण्यासाठी नव्हतेच. दारिद्र्यावरची किती भाषणे मी ऐकली, स्वतःही केली. या कपाएवढे त्यांतले काहीच माझ्याजवळ उरलेले नाही. हाच पोरगा इस्पितळात आईला भेटायला जातो. तिच्याकडून त्याला काही मिळत नाही. तिच्या रोगाला चित्रपट नाव देत नाही. पण ज्या पुरुषाचे हे मूल, तो त्याच गावात राहतो आणि ओळख देत नाही, हे आपल्याला दिसते. रोगाची चिकित्सा नाही, पण त्याचा पत्ता मात्र नेमका दिलेला आहे.

आता मुद्द्याची गोष्ट. डग्लसने पडद्यावरच्या स्वतःला 'बिल' म्हटले नाही, 'जेमी' म्हटले. पटकथेचे मूळ नावही 'जेमी'च होते; ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटच्या ममून हसन यांच्यामुळे ते 'माझे बालपण' झाले. 'माझे' म्हणायलाही दुसऱ्या कोणीतरी धीर द्यावा लागतो! तिसरा चित्रपट १९७८ चा. त्याच वर्षी आपल्याकडे दया पवारांचे 'बलुतं' आले, आणि त्यात दगडू मारुती पवार आपली कहाणी दया पवाराला सांगतो. एकाच माणसाचे दोन तुकडे : एक भोगलेला, एक शिकलेला. या दोघांनी एकमेकांचे काही पाहिले-वाचले होते, असे मी सुचवत नाही. पण दुभंगलेल्या मनाला स्वतःकडे पाहायचे तर थोडे दूर उभे राहावे लागते, हे दोघांनाही आपापल्या ठिकाणी उमगले. प्रस्थापित समीक्षेने याला केवळ निवेदनाचे तंत्र म्हणावे, हे मला पटत नाही. ती जगण्याची गरज होती.

फरकही सांगितला पाहिजे. जेमी सैन्यसेवेत इजिप्तला जातो, तिथे त्याला पुस्तके वाचणारा मित्र भेटतो, आणि वाट फुटते. डग्लसलाही पीटर ज्युवेल असाच भेटला आणि जन्मभर सोबत राहिला. गाव सोडले की खाणीची धूळ अंगावरून उतरते. दगडू शिकला, मुंबईत नोकरीला लागला, तरी जात त्याच्याबरोबर गाडीत बसून आली. वर्ग आणि जात एकाच मापाने मोजणाऱ्या मित्रांनी हे दोन दस्तऐवज शेजारी ठेवून पाहावेत.

नागराज मंजुळे यांनी 'पिस्तुल्या' (२००९) आणि 'फँड्री' (२०१३) केले, तेव्हाही 'मी' आला तो दुसऱ्या नावाने, दुसऱ्या पोराच्या अंगाने. 'फँड्री'तला जब्या शाळेच्या भिंतीआड लपतो, राष्ट्रगीत सुरू होताच डुक्कर समोर असूनही सारे घर ताठ उभे राहते. शरम ही मनाची व्याधी गावाने दिलेली आहे, हे त्या वेळी प्रेक्षकाला हसता हसता कळते आणि हसू अडकते.

पण पुस्तकातला 'मी' कागदावर असतो, पडद्यावरच्या 'मी'ला जिवंत शरीर लागते. जेमी झालेला स्टीफन आर्चिबाल्ड त्याच भागातला, तसाच गरीब मुलगा. शाळा बुडवून भटकत असताना तो डग्लसला सापडला होता. तिन्ही चित्रपटांत तो आपल्या डोळ्यांदेखत वाढतो. डग्लस १९९१ साली वारला. त्याने आणि ज्युवेलने जमवलेल्या चित्रपटविषयक संग्रहातून एक्झिटर विद्यापीठात त्याच्या नावाचे संग्रहालय उभे आहे. स्टीफन १९९८ साली गेला. चाळिशीसुद्धा गाठली नव्हती.