दप्तरातले कारण

१८७८ चा हिंदुस्थानचा शस्त्र कायदा आपल्याला आठवतो तो जनतेला निःशस्त्र करणारा कायदा म्हणून. लॉर्ड लिटनच्या कारकिर्दीत, देशी वृत्तपत्रांची मुस्कटदाबी करणारा कायदा आला त्याच वर्षी हाही आला. युरोपियनांना सूट आणि एतद्देशीयांना परवान्याची सक्ती, हा भेद इतका उघड होता की सारी टीका त्यावरच एकवटली. परवाना कोणाला मिळतो, याची चर्चा झाली. मिळालेला परवाना कसा काढून घेतला जातो, हा प्रश्न मागे राहिला. कायद्याची न्यायबुद्धी पारखायला मला हा दुसरा प्रश्न अधिक उपयोगी वाटतो.

त्या कायद्याच्या १८व्या कलमानुसार सार्वजनिक शांततेसाठी आवश्यक वाटल्यास जिल्हा मॅजिस्ट्रेटला, आणि मुंबईसारख्या इलाख्याच्या शहरात पोलीस कमिशनरला, परवाना रद्द किंवा तहकूब करता येई. मात्र कारणे लेखी नोंदवण्याची अट होती. परकीय सरकारच्या कायद्यात ही अट पाहून प्रथम नवल वाटते. कलम पुन्हा वाचले की उलगडा होतो. कारण लिहायचे होते, सांगायचे नव्हते. ते दप्तरात राहणार आणि फार तर वरिष्ठ वाचणार. ज्याची बंदूक जमा झाली, त्याला ते कळावे अशी सोय या कलमात नव्हती.

स्वातंत्र्यानंतर या वृत्तीला पहिला मोठा धक्का बसला तो बंदुकीच्या नव्हे, चित्रपटगृहाच्या प्रकरणात. अंधेरीला चित्रपटगृह बांधण्यासाठी गोरधनदास भानजी यांना मुंबईच्या पोलीस कमिशनरने १९४७ मध्ये परवानगी दिली आणि दोनच महिन्यांत, सरकारच्या आज्ञेवरून, ती रद्द केल्याचे कळवले. पुढे कोर्टात, निर्णय कमिशनरचा स्वतःचाच होता, असे सांगण्यात आले. सर्वोच्च न्यायालयाने ते मानले नाही. निकाल लिहिणारे न्या. व्हिव्हियन बोस पूर्वी नागपूर उच्च न्यायालयात होते. त्यांनी दोन गोष्टी ठरवून दिल्या. ज्याला कायद्याने अधिकार दिला, त्याने स्वतःच्या बुद्धीने निर्णय घ्यावा. आणि आदेशाचा अर्थ त्यातल्या शब्दांवरून लावावा, अधिकाऱ्याने मागाहून दिलेल्या खुलाशावरून नव्हे.

१९५९ चा शस्त्र कायदा या वाटेवर एक पाऊल पुढे गेला. त्याच्या १७व्या कलमात परवाना रद्द करण्याची कारणे मोजून दिली आहेत : धारक अपात्र ठरणे, सार्वजनिक शांतता वा सुरक्षितता, माहिती लपवून परवाना मिळवणे, अटींचा भंग इत्यादी. कारणे नोंदवावीतच, शिवाय धारकाने मागितल्यास त्याला ती थोडक्यात द्यावीत. १८व्या कलमाने अपिलाचा हक्क दिला आणि अपिलात म्हणणे ऐकून घेणे सक्तीचे केले.

पण जुनी सवय पुरती गेली नाही. सार्वजनिक हिताला बाधा येईल असे वाटल्यास अधिकारी कारण देण्याचे नाकारू शकतो. आदेश खुद्द सरकारचा किंवा सरकारच्या निर्देशावरून असेल तर अपील नाही. आणि मूळ निर्णयापूर्वी धारकाचे ऐकावे, असे १७वे कलम स्पष्ट म्हणत नाही. ती उणीव न्यायालयांनी भरून काढली. नागरिकाच्या हक्कांवर परिणाम करणारा प्रशासकीय आदेशही त्याचे म्हणणे ऐकल्याशिवाय काढू नये, हे तत्त्व १९६७ च्या बीनापाणी देई प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ठामपणे मांडले. ते प्रकरण ओरिसातल्या एका सरकारी डॉक्टर बाईंच्या जन्मतारखेचे होते.

यावर आक्षेप येतो की बंदूक म्हणजे चित्रपटगृह नव्हे. सुनावणीची वाट पाहताना गोळी सुटली तर? आक्षेप खरा आहे. घरातल्या माणसांना धाक दाखवणाऱ्याच्या हाती एक दिवसही शस्त्र राहू नये. पण त्याच कलमात परवाना काही काळापुरता निलंबित करण्याचाही अधिकार आहे. धोका तातडीचा असेल तर शस्त्र आधी जमा करावे आणि कायमचा निर्णय ऐकून घेतल्यावर द्यावा. सुरक्षितता आणि न्याय यांत निवड करण्याची वेळ सहसा येतच नाही.

तळकोकणात पिकाच्या राखणीसाठी ठासणीची बंदूक बाळगणारा शेतकरी डोळ्यांसमोर आणा. भातात रानडुक्कर, बागेत वानर. भावकीतल्या भांडणावरून कोणी तक्रार केली आणि परवाना गेला. आदेशात एवढेच असेल की ‘सार्वजनिक शांततेच्या दृष्टीने’, तर तो अपिलात खोडून काय काढणार? ते शब्द कायद्याचे आहेत, त्याच्या प्रकरणाचे नाहीत. कोणती तक्रार, कोणत्या तारखेची, चौकशीत काय आढळले, एवढे त्याला कळले तरच उत्तर देता येईल. नाही तर १८७८ चे दप्तर अजून उघडलेले नाही, असेच म्हणावे लागेल.