फेरतपासाची मागणी कोणत्या न्यायालयात?

पोलिसांनी तपास संपल्याचे सांगून प्रकरण बंद केले, तरी फिर्यादीसमोरील सर्व मार्ग संपत नाहीत. मात्र अर्जात काय मागितले आणि ते कोणत्या न्यायालयात मागितले, यावर त्या अर्जाचे भवितव्य अवलंबून असते. ‘अधिक तपास’ आणि ‘फेरतपास’ हे शब्द व्यवहारात एकाच अर्थाने वापरले जातात. कायद्याच्या दृष्टीने त्यांत मोठे अंतर आहे.

अधिक तपासात पहिल्या तपासाची कागदपत्रे कायम राहतात व नव्या पुराव्याची भर घालून पुरवणी अहवाल सादर केला जातो. फेरतपासात आधीचा तपास बाजूला ठेवून मुळापासून प्रारंभ होतो. विनय त्यागी विरुद्ध इर्शाद अली या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०१२ मध्ये हा भेद स्पष्ट केला. न्यायदंडाधिकारी अधिक तपासाचा आदेश देऊ शकतात. संपूर्ण फेरतपासाचा आदेश मात्र उच्च किंवा सर्वोच्च न्यायालयच, तेही अपवादात्मक परिस्थितीत, देऊ शकते.

महाराष्ट्रात तपास बंद करताना पोलीस समरी अहवाल पाठवितात. गुन्हा खरा, पण आरोपी सापडत नाही, असे असल्यास ‘अ’ समरी. फिर्याद खोटी असल्यास ‘ब’ समरी. गैरसमजातून किंवा दिवाणी स्वरूपाच्या वादातून ती दिली गेली असल्यास ‘क’ समरी. हा अहवाल स्वीकारण्यापूर्वी फिर्यादीला नोटीस देऊन त्याचे म्हणणे ऐकले पाहिजे, असा निर्णय सर्वोच्च न्यायालयाने भगवंत सिंग प्रकरणात १९८५ मध्ये दिला. या टप्प्यावर फिर्यादी निषेध याचिका दाखल करू शकतो. न्यायदंडाधिकारी समरी मंजूर करू शकतात, अधिक तपास सांगू शकतात किंवा अहवाल अमान्य करून गुन्ह्याची दखल घेऊ शकतात.

१ जुलै २०२४ पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहिता लागू झाली. जुन्या संहितेतील कलम १७३ (८) ची तरतूद आता कलम १९३ (९) मध्ये आहे. खटला सुरू झाल्यानंतर अधिक तपासासाठी न्यायालयाची परवानगी आवश्यक असून तो ९० दिवसांत पूर्ण करावा लागतो. ही मुदत न्यायालयाच्या परवानगीनेच वाढते. दोषारोप निश्चित होऊन खटला सुरू होईपर्यंत न्यायदंडाधिकारी अधिक तपासाचा आदेश देऊ शकतात, असे सर्वोच्च न्यायालयाने विनुभाई मालवीय प्रकरणात २०१९ मध्ये सांगितले होते.

स्थानिक तपासावरील विश्वासच उडाला असेल, तर राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ अन्वये उच्च न्यायालयात रिट याचिका करता येते. राज्य सरकारची संमती नसतानाही उच्च न्यायालय केंद्रीय अन्वेषण विभागाकडे (सीबीआय) तपास सोपवू शकते, असा निर्वाळा घटनापीठाने २०१० मध्ये दिला. मात्र केवळ आरोप पुरेसे नसतात. कोणत्या साक्षीदाराचा जबाब नोंदविला नाही, कोणती वस्तू जप्त केली नाही, हे नेमकेपणाने दाखवावे लागते.

अशा मागणीने काय साधते, याचे उदाहरण गुजरातमधील रणधिकपूरच्या प्रकरणात दिसते. २००२ च्या दंगलीतील सामूहिक बलात्कार व हत्यांच्या या प्रकरणात आरोपी सापडत नसल्याचा पोलिसांचा अहवाल मार्च २००३ मध्ये स्थानिक न्यायालयाने स्वीकारला. पीडित महिलेने सर्वोच्च न्यायालयाचे दार ठोठावले आणि डिसेंबर २००३ मध्ये तपास सीबीआयकडे गेला. पुरलेले मृतदेह उकरून काढण्यात आले व खटला मुंबईत वर्ग झाला. जानेवारी २००८ मध्ये विशेष न्यायालयाने ११ जणांना जन्मठेप सुनावली. मुंबई उच्च न्यायालयाने २०१७ मध्ये ती कायम केली व पोलीस अधिकारी आणि डॉक्टरांनाही दोषी ठरविले. कागदोपत्री मिटलेले प्रकरण पुन्हा उघडले ते त्या महिलेने विलंब न लावता योग्य न्यायालय गाठल्यामुळे.