शब्दवेध : तमाशा

‘तमाशा’ आपल्याकडे फारसीतून आला; मूळ अरबी धातूचा अर्थ चालणं. फारसीत आधी तो फेरफटका, मग पाहण्याजोगं दृश्य. म्हणजे शब्द मुळात बघणाऱ्याचा! मराठीत बदनामी मात्र नाचणारीला चिकटली. शृंगारिक लावणीतली बाई कल्पनेतली, शिट्ट्या तेवढ्या खऱ्या. (गवळणीतली मावशी पुरुष असते, तिच्या चारित्र्याची चौकशी कुणी करत नाही.) पेठ, मंचर ओलांडून नारायणगावात गेलं की जत्रांच्या हंगामात फडांच्या राहुट्या लागतात, गावोगावचे पंच सुपारी द्यायला येतात. इथल्याच तमाशा कलावंत विठाबाई भाऊ मांग नारायणगावकरांच्या नावे २००६ पासून सरकार पुरस्कार देतं. तरी ‘तमाशा करू नकोस’ हे दटावणं चालूच, तेही तमाशासाठी वर्गणी काढणाऱ्या गावांत.