विठाबाईंचा फड आणि बाळंतपणाची रजा

मुरबाडहून माळशेज घाट चढून गेले की जुन्नर तालुका लागतो, आणि त्यातच नारायणगाव. पाडव्याच्या सुमारास तेथे फडांच्या राहुट्या लागतात व गावोगावच्या जत्रांच्या सुपाऱ्या ठरतात. म्हशाच्या जत्रेला जाणाऱ्या आपल्या मंडळींना तमाशाची कनात नवी नाही. परंतु रात्री शिट्टी वाजविणारा गृहस्थ सकाळी त्याच बाईला निर्लज्ज म्हणतो, हेही आपणांस ठाऊक आहे.

त्या निंदेला न जुमानता फड गाजविणाऱ्या विठाबाई भाऊ मांग नारायणगावकर १९३५ साली पंढरपुरास जन्मल्या. वडील व चुलते यांच्या भाऊ-बापूंच्या फडात त्या घडल्या, आणि पुढे त्यांच्याच नावाचा फड महाराष्ट्रभर फिरला. अस्पृश्य गणलेल्या जातीच्या बाईने हजारोंच्या जमावापुढे मान ताठ ठेवून बोलावे, हेच पुष्कळांना झोंबत होते.

त्यांची एक हकीकत सांगतात. खेळ चालू असता कळा आल्या. कनातीमागे त्या बाळंत झाल्या, दगडाने नाळ तोडली आणि पुन्हा बोर्डावर आल्या. अखेर प्रेक्षकांनीच खेळ थांबविला. लोक ही धैर्याची कथा म्हणून ऐकतात. कामगार चळवळीतला मनुष्य विचारतो, बाई उठून आलीच का? फडाचा व्यवहारच असा की, खेळ मोडला तर सुपारी बुडते आणि साऱ्या फडाची भाकर जाते.

मुंबई कायदे मंडळात डॉ. आंबेडकरांनी १९२८ साली प्रसूतिरजेच्या विधेयकाची बाजू घेतली. १९२९ साली कायदा झाला, तो कारखान्यातील बायांसाठी. १९६१ साली देशभराचा कायदा आला. त्यात कसरतीचे व इतर खेळ करणाऱ्या मंडळ्या आल्या त्या १९७३ च्या दुरुस्तीने. पण कागदावरचा कायदा राहुटीत आपोआप शिरत नाही. त्यासाठी संघटना लागते.

विठाबाईंना १९५७ व १९९० साली राष्ट्रपतींकडून गौरव मिळाला, तरी अखेरचे दिवस हलाखीतच गेले. १५ जानेवारी २००२ रोजी त्या निवर्तल्या. पुढे शासनाने त्यांच्या नावे जीवनगौरव पुरस्कार ठेवला. कन्या मंगला बनसोडे यांनी स्वतःचा फड उभारला. खरा वारसा तो.

आपल्या गावच्या पंचांनी सुपारी ठरविताना एवढेच विचारावे: फडात कोणी गरोदर बाई आहे काय, आणि तिच्या रजेचे काय ठरले?