व्हायोलिनचा शतायुषी साधक : स्वेन आस्मुसेन

परचक्र आले की राष्ट्राचे संगीत मुके होते, असा आपला सर्वसाधारण समज असतो. डेन्मार्कचा इतिहास निराळे सांगतो. ९ एप्रिल १९४० रोजी जर्मन फौजा त्या देशात शिरल्या आणि मे १९४५ पर्यंत तेथे ठाण मांडून राहिल्या. नेमक्या याच काळाला डॅनिश लोक आपल्या जॅझ-संगीताचे सुवर्णयुग म्हणतात. असे का घडले, हे स्वेन आस्मुसेन या वादकाच्या चरित्राच्या आधारे आपण पाहू.

आस्मुसेनचा जन्म कोपनहेगन येथे २८ फेब्रुवारी १९१६ रोजी झाला. सातव्या वर्षी त्याचे व्हायोलिनचे शिक्षण सुरू झाले. सोळाव्या वर्षाच्या सुमारास जो व्हेनुटी या अमेरिकन वादकाच्या ध्वनिमुद्रिका त्याने ऐकल्या आणि त्याची वाट बदलली. गुरू सातासमुद्रांपलीकडे, विद्या तबकडीवरून! १९३३ पासून वादन हाच त्याचा व्यवसाय झाला.

पुढे युद्ध आले. जर्मनीने १९३५ सालीच आपल्या नभोवाणीवरून जॅझ हद्दपार केले होते. कारण ते अमेरिकेतील काळ्या लोकांचे संगीत. डेन्मार्कमध्ये मात्र ऑगस्ट १९४३ पर्यंत डॅनिश सरकार कसेबसे अधिकारावर होते. परदेशी वाद्यवृंद येईनासे झाल्याने देशी वादकांना वाव मिळाला. शिवाय सत्ताधाऱ्यांना जे नावडते, ते ऐकण्यात तरुणांना वेगळेच समाधान वाटे. या श्रवणाला सशस्त्र प्रतिकाराच्या पंक्तीत बसविणे आमच्या मते अतिशयोक्तीचे होईल; परंतु कलावंत निर्धास्त होते असेही नव्हे. १९४३ मध्ये खुद्द आस्मुसेनला जर्मनांनी अटक केली. पुढे त्याची सुटका झाली.

युद्धोत्तर काळात त्याची कीर्ती देशाबाहेर गेली. १९६३ मध्ये पॅरिस येथे ड्यूक एलिंग्टनने तीन तंतुवादकांसह ध्वनिमुद्रण केले. स्टेफान ग्रापेली आणि रे नॅन्स यांच्या जोडीला आस्मुसेन व्हायोला घेऊन बसला. तबकडीवरून शिकलेला शिष्य आता थोरांच्या मांडीला मांडी लावून बसला होता. १९७८ च्या 'गार्लंड' या ध्वनिमुद्रिकेत त्याने आपल्याकडील एल. सुब्रमण्यम यांच्याबरोबर वादन केले. एकशे एकावे वर्ष पुरे होण्यास तीन आठवडे उरले असता, ७ फेब्रुवारी २०१७ रोजी तो निवर्तला.

डेन्मार्कमध्ये परकी फौज आली, तसे परके संगीतही आले. फौज बळाने शिरली आणि पाच वर्षांत गेली. संगीत आवडीने घेतले गेले आणि ते घरचे झाले. परकीय काय आणि स्वकीय काय, याचा निवाडा करताना हा फरक आपण ध्यानी ठेवावा.